तीन पायांचं बिडाचं भांडं : ठाण्यात कुणी घ्यावं, कुणी घेऊ नये

घरात चार माणसं, स्वयंपाक गॅसवर नाहीतर इंडक्शनवर आणि गच्चीची किल्ली सोसायटीच्या ऑफिसात, असं असेल तर हे भांडं घेऊ नका. त्याचे पाय बर्नरच्या जाळीवर धड बसत नाहीत, काचेच्या शेगडीवर तर ठेवायचंच नाही. घरातल्या ओटीजीत बारा इंची भांडं पायांसकट मावत नाही. मग ते माळ्यावर जातं आणि पहिल्याच पावसात गंजतं.

पण मुरबाड-कर्जतकडे वाडी असेल, घणसोली-कोपरखैरणेच्या गावठाणात घराला अंगण असेल, थंडीत दहा-बारा माणसं जमत असतील आणि त्यातला एकजण 'भांडं माझ्याकडे' असं म्हणणारा असेल, तर याच्या तोडीचं दुसरं भांडं मिळणार नाही. आणि तो एकजण नसेल तर बाकी सगळं असूनही घेऊ नका.

ऑनलाइन शोधताना 'कॅम्प डच ओव्हन' असं लिहावं लागतं. नुसतं 'डच ओव्हन' म्हटलं की सपाट बुडाची, रंगीत इनॅमलची भांडी समोर येतात. ती घरच्या शेगडीसाठी उत्तम असतात, पण निखाऱ्यांत ठेवली तर इनॅमल तडकतं. इथे बोलतोय ते उघड्या बिडाचं : बुडाला तीन आखूड पाय, बादलीसारखी तारेची कडी, आणि सपाट झाकणाला चहूबाजूंनी उभा काठ. बारा इंची भांड्याचा व्यास ३० सेंटिमीटर, खोली साडेनऊच्या आसपास, आत जेमतेम पावणेसहा लिटर मावतं आणि झाकणासकट वजन ९ किलोच्या घरात जातं.

पाय, काठ आणि कडी ही या भांड्याची सगळी करामत. पायांमुळे बुडाखाली निखारे राहतात आणि हवा खेळते. काठामुळे झाकणावर निखारे ठेवता येतात. वर-खाली विस्तव ही रीत आपल्याला नवी नाही. काकडीचं धोंडस आणि सीकेपी घरांतलं कोबीचं भानोलं पूर्वी असंच व्हायचं, पातेल्यावर उलटी ताटली आणि तिच्यावर निखारे. फरक इतकाच की ताटलीवरून निखारे घरंगळतात, इथे घरंगळत नाहीत.

हे भांडं असं का घडलं ते त्याच्या जुन्या नोकरीवरून कळतं. अमेरिकेतलं यादवी युद्ध १८६५ मध्ये संपलं तेव्हा टेक्ससमध्ये लांब शिंगांची गुरं मोकाट फिरत होती आणि त्यांना तिथे भाव नव्हता. उत्तरेत मात्र मांसाला मागणी होती. म्हणून दोन-दोन, तीन-तीन हजारांचे कळप शेकडो मैल हाकत न्यायला सुरुवात झाली. १८६७ पासून कॅन्ससमधलं ॲबिलीन हे रेल्वेचं ठाणं गुरांच्या बाजारासाठी उघडलं. कळप चालायचा दिवसाला १० ते १५ मैल, म्हणजे फार तर २४ किलोमीटर. घाई केली तर गुरं वाळतात आणि मग विकायला उरतात ती हाडं. दहा-बारा माणसं, प्रत्येकाला आलटून-पालटून बसायला कित्येक घोडी, आणि प्रवास दोन-तीन महिने. कळपाच्या शेपटीला चालणाऱ्यांच्या वाट्याला दिवसभर धुरळा, रात्री दोन-दोन तासांचा पहारा, वीज कडाडली की उधळलेली गुरं अंधारात वळवायची. वाटेत दुकान नाही, आणि या सगळ्यांना दिवसातून दोन-तीनदा जेवायला घालणारी एकच गाडी.

ती गाडी चार्ल्स गुडनाइट या माणसाने १८६६ मध्ये बांधून घेतली. लष्कराची जुनी मालगाडी घेतली, टणक लाकडाने पुन्हा बांधली, लोखंडी आस बसवला. मागच्या बाजूला कप्प्याकप्प्यांची पेटी, तिचं दार खाली पाडलं की स्वयंपाकाचा ओटा. पेटीखाली जड भांड्यांची जागा, म्हणजे याच भांड्यांची. बाजूला पाण्याचं पिंप. गाडीच्या पोटाखाली कातड्याची झोळी : वाटेत दिसेल ते लाकूड तिच्यात टाकायचं, आणि झाड नसलेल्या माळावर वाळलेलं शेण. म्हणजे आपल्या गोवऱ्याच, फक्त थापलेल्या नसायच्या.

आपल्याकडे सातारा-पुण्याकडचे धनगर दिवाळीनंतर मेंढरं घेऊन कोकणात उतरतात, भातखाचरांत मेंढरं बसवतात, त्यांचाही संसार चालताच असतो. पण तो घोड्याच्या पाठीवर असतो, म्हणून भांडी हलकी आणि चूल तीन दगडांची. ९ किलोचं भांडं चाकांवरच परवडतं. हे लक्षात ठेवलं तर कळसूबाईला हे पाठीवर घेऊन जायचा मोह होणार नाही. ट्रेकला ॲल्युमिनियमचं टोप न्या.

गाडीचा स्वयंपाकी पहाटे तीनला उठायचा आणि रात्री झोपण्याआधी गाडीची दांडी ध्रुवताऱ्याकडे वळवून ठेवायचा, सकाळी दिशा चुकू नये म्हणून. त्याला पगार गुराख्यांपेक्षा जास्त. त्याच्या चुलीजवळून घोडं दामटायचं नाही, वाऱ्याच्या बाजूने यायचं नाही, कारण धूळ जेवणात जाते. त्याच्या चाकाला घोडा बांधायचा नाही. हे नियम ऐकायला तिरसट वाटतात, पण निखाऱ्यांवर भांडं ठेवून बघा, प्रत्येकाचं कारण तासाभरात पटेल. झाकणावरची राख नुसत्या फुंकरीने उडते.

त्या वाटेवरचं इमान हेही याच गाडीभोवतीचं. १८६६ मध्ये गुडनाइट आणि त्याचा भागीदार ऑलिव्हर लव्हिंग १८ माणसं आणि २,००० गुरं घेऊन न्यू मेक्सिकोतल्या फोर्ट समनरला निघाले. काँचो नदीपासून पेकॉसपर्यंतच्या सुमारे १३० किलोमीटरच्या पट्ट्यात पाणी नव्हतं. तीन दिवस, तीन रात्री न थांबता चालवूनही शेकडो गुरं गेली, काही तहानेने आणि काही पाण्याचा वास लागल्यावर नदीत कोसळून. पुढच्या वर्षी लव्हिंग एकाच साथीदाराला घेऊन पुढे निघाला असताना कोमँची या तिथल्या मूळनिवासी जमातीच्या हल्ल्यात जखमी झाला, जखम सडली आणि सप्टेंबर १८६७ मध्ये फोर्ट समनरला तो गेला. परक्या मातीत पुरू नका, आणि माझं कर्ज फिटेपर्यंत भागीदारी चालू ठेवा, एवढं त्याने मागितलं. गुडनाइटने दोन्ही पाळलं. पुढच्या फेब्रुवारीत माणसांनी तेलाचे रिकामे डबे ठोकून सपाट केले, डाग देऊन त्यांची पेटी केली, आत लाकडी शवपेटी आणि भोवती कोळशाची पूड दाबून भरली, आणि ती गाडीवर घालून सुमारे ६०० मैल टेक्ससमधल्या वेदरफर्डला नेली. लव्हिंगला तिथे पुरलं.

त्याच वाटेवर बोस इकार्ड होता. गुलामीत जन्मलेला काळा गुराखी. मोठी रोकड बरोबर असली की गुडनाइट ती बोसच्या हवाली करायचा. बोस १९२९ च्या जानेवारीत वारला तेव्हा नव्वदी ओलांडलेल्या गुडनाइटने वेदरफर्डला त्याच्या थडग्यावर दगड उभारला आणि त्यावर चार वर्षांची सोबत, न टाळलेलं काम, कोमँचींशी झालेल्या तीन चकमकी असं सगळं कोरून घेतलं. या गोष्टी वाचल्या की भांड्याकडे बघायची नजर बदलते. निदान त्यात पाणी तसंच ठेवून झोपायला हात धजत नाही.

आता खरेदी. बिडाचे तवे आणि कढया ठाण्याच्या बाजारात सहज दिसतात, हे पायांचं भांडं मात्र बहुतेक वेळा ऑनलाइन मागवावं लागतं, म्हणून घरी आल्या आल्या तपासा आणि परत करायची मुदत संपू देऊ नका. कडी धरून अधांतरी उचला आणि बोटाच्या पेराने ठोका. मडकं घेताना ठोकतो तसंच. स्वच्छ, लांबणारा टणत्कार आला तर ठीक. 'थप्प' असा बसका आवाज म्हणजे कुठेतरी केसाएवढी चीर आहे, आणि बीड ठिसूळ असतं, ती चीर तापल्यावर वाढणारच. झाकण बसवून विरुद्ध कडांना बोटं दाबा, डुलता कामा नये. कागदाची पट्टी झाकणाच्या चारही बाजूंना अडकवून ओढा, सगळीकडे सारखी अडखळली पाहिजे. झाकणाचा काठ निदान एक सेंटिमीटर उभा हवा. स्वस्त नगांत तो नुसता नावाला असतो आणि झाकण उचललं की राख सरळ आत. पाय सपाट फरशीवर तिन्ही टेकले पाहिजेत. आतला पृष्ठभाग थोडा खरखरीत असतो, तो दोष नाही, पण काळा रंग नखाने खरवडून निघत असेल तर ते सीझनिंग, म्हणजे तेल तापवून मुरवलेला थर, नव्हे, रंग आहे. परत करा.

बरोबर झाकण उचलायला एक आकडा लागतोच. विकतचा महाग पडतो. वागळे इस्टेटमधला कुणीही फॅब्रिकेटर ८ मिलिमीटरच्या सळईचा करून देईल : ४० सेंटिमीटर लांब, टोकाला आकडा, त्याच्या वर दोन इंचांवर आडवी पट्टी वेल्ड केलेली. ही आडवी पट्टी विसरू नका. तिच्याशिवाय झाकण आकड्यावर हिंदकळतं आणि राख सांडते.

भांडं मुरवणं हे पहिल्या दिवसाचं काम. गरम पाणी आणि साबणाने एकदाच घासून कारखान्याचं मेण काढा, विस्तवावर पूर्ण कोरडं करा. कोमट असताना आत-बाहेर, पायांना, कडीखाली तेलाचा हात फिरवा. शेंगदाणा किंवा सूर्यफूल, दोन्ही चालतात. जवसाच्या तेलाचा थर दिसतो सुंदर पण पुढे पोपडे सुटतात. मग कोरड्या फडक्याने ते तेल पुसून टाका, जणू चुकून लागलं होतं. इथेच बहुतेकांचं चुकतं : तेल राहू दिलं की थर कडक होत नाही, चिकट होतो, आणि त्यावर धूळ बसते. उलटं करून मध्यम निखाऱ्यांवर तासभर तापवा, धूर थांबेपर्यंत, आणि तिथेच निवू द्या. असं तीन-चार वेळा. पहिले पाच-सहा पदार्थ तळणाचे किंवा तेलकट करा. कोकम, चिंच, टोमॅटो यांना पहिले दोन महिने आत घेऊ नका, आंबट रस थर खातो आणि कालवण काळपट, लोखंडी चवीचं होतं. पुढेही आंबट शेवटच्या दहा मिनिटांत घाला आणि शिजलं की दुसऱ्या भांड्यात काढा.

विस्तवाचा हिशेब मात्र शिकावा लागतो. कोळशाच्या ब्रिकेट, म्हणजे भुकटी दाबून केलेल्या एकसारख्या वड्या, असतील तर मोजणी सोपी : इंचांच्या दुप्पट. बारा इंचीला २४ ब्रिकेट, म्हणजे आत साधारण १७५ अंश सेल्सिअस. दोन ब्रिकेट वाढवल्या की १४-१५ अंश वाढतात. भाजायचं असेल तर दोन तृतीयांश वर, एक तृतीयांश खाली. रटरट शिजवायचं असेल तर उलट. खालचे निखारे भांड्याच्या घेराखाली कड्यासारखे मांडा, मधोमध एकही नको, नाहीतर बरोबर तेवढ्याच जागी करपतं. दर १०-१५ मिनिटांनी भांडं पाव फेरा एका दिशेला आणि झाकण पाव फेरा उलट दिशेला फिरवा. वारा असेल तर वाऱ्याकडची बाजू जास्त पेटते, तिकडे पत्र्याचा आडोसा लावा. ब्रिकेट पाऊण ते एक तास टिकतात, पुढची खेप वीस मिनिटं आधी पेटवून ठेवावी लागते.

वखारीतल्या लाकडी कोळशाला ही मोजणी लागू पडत नाही. तुकडे लहान-मोठे, फुटतात, लवकर जळतात. तिथे कड्यांचा हिशेब : खाली एकमेकांना टेकलेल्या निखाऱ्यांचं एक कडं, वर दीड. आणि गोवऱ्या! लांब, मंद शिजवणाला गोवरीसारखं जळण नाही. धूर पूर्ण जिरून लालबुंद झाल्यावरच भांड्याखाली सारा. वर जमणारी राख झाडू नका, तीच ऊब धरून ठेवते. झाकणावर मात्र गोवरी कमी वापरा, तिची राख हलकी असते.

चाचणीला तीन पदार्थ घ्यावेत. पहिला गाडीवरचा रोजचा पदार्थ, घेवड्याच्या बिया. तिथे ठिपक्यांच्या असायच्या, आपल्याकडे त्यांना जवळचा चित्रा राजमा. बारा माणसांना ७५० ग्रॅम. रात्रभर भिजवा, ते पाणी फेकून द्या, अडीच लिटर नवं पाणी घाला. मोठ्या आचेवर उकळी फोडून पूर्ण दहा मिनिटं खदखदू द्या. ही पायरी गाळू नका, राजम्यात मूळचं एक विष असतं, ते नुसत्या मंद आचेवर मरत नाही आणि पोट बिघडवतं. मग आच उतरवून खाली ८, वर ८ ब्रिकेट, दोन ते अडीच तास. मीठ निम्मं शिजल्यावर. पाणी कमी पडलं तर उकळतंच घाला. गार पाण्याने तापलेलं बीड तडकू शकतं. यात भांडं पैकीच्या पैकी मार्क घेतं. दाणा अख्खा राहतो आणि रस दाट होतो, कुकरमध्ये हे दोन्ही एकदम क्वचितच साधतं.

दुसरा पदार्थ आंबवणाचा पाव, ज्याला तिथे बिस्किट म्हणायचे. ५०० ग्रॅम मैदा, २५० ग्रॅम फसफसलेलं आंबवण, ६० ग्रॅम लोणी, दीड चमचा मीठ, एक चमचा सोडा, सुमारे २२० मिलिलिटर दूध. मळू नका, नुसतं गोळा करा आणि सोळा गोळे चिकटून मांडा. खाली १०, वर २०, वीस मिनिटं. गाडीचा स्वयंपाकी आंबवणाचं पिंप थंडीत अंथरुणात घेऊन झोपायचा, इतकं ते जपायचे. ठाण्यात चिंता उलटी : एप्रिल-मेमध्ये आंबवण चार-पाच तासांत आंबट ढाण होतं, तेव्हा पिठाच्या एका गोळ्याएवढं बाहेर ठेवून बाकी फ्रिजमध्ये टाका. पावाचं बूड करपलं आणि माथा पांढरा राहिला तर खालचे निखारे जास्त आहेत. उपाय वर घालायचा नाही, खालचे काढायचे.

तिसरं कोबीचं भानोलं : १ किलो बारीक चिरलेला कोबी, ४०० ग्रॅम बेसन, दोन नारळांचं दाट दूध, हिरवी मिरची, कोथिंबीर, मीठ आणि बुडाला सढळ हाताने तेल. खाली ८, वर १६, चाळीस ते पंचेचाळीस मिनिटं. कडेचा खरपूस पापुद्रा ओव्हनमधल्या भानोल्याला येतच नाही. या एका पदार्थासाठीही भांडं घेणारं घर ठाण्यात सापडेल.

पोपटीसाठी मात्र हे नको. वालाच्या शेंगा आणि भांबुर्ड्याच्या पाल्याला मडकंच हवं, उलटं ठेवलेलं, चहूबाजूंनी जाळ घेणारं. बिडात शेंगा वाफेने मऊ पडतात, भाजल्याचा वास लागत नाही.

जागेबद्दल दोन गोष्टी निक्षून. येऊरचं जंगल संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात येतं, तिथे विस्तव पेटवायचा नाही, 'छोटासाच' म्हणूनही नाही. आणि सिमेंटच्या गच्चीवर निखारे थेट ठेवू नका. फरशी तडकते, सिमेंटचे टवके उडतात, खालचं वॉटरप्रूफिंग जातं आणि जुलैत खालच्या मजल्यावर गळती. मोठं घमेलं घ्या, तळाला दोन इंच वाळू आणि घमेल्याखाली विटा. बंद बाल्कनीत किंवा तंबूत कोळसा कधीही नाही. धूर दिसत नसला तरी त्याचा वायू जीव घेतो.

या मालाची खरी तक्रार वजनाची नाही, खाडीच्या हवेची आहे. टेक्सस-न्यू मेक्सिकोच्या कोरड्या माळावर भांडं पुसून ठेवलं की झालं. इथे जूनपासून चार महिने ते पुसून ठेवलं तरी आठवड्यात झाकणाच्या आतल्या बाजूला तांबूस छटा येते. वापरल्यावर गरम पाण्याने आणि काथ्याने घासा, चिकटलेलं असेल तर जाडं मीठ घालून चोळा, विस्तवावर सुकवा, तेलाचं बोट फिरवून पुसा. गंज चढलाच तर काथ्याने खरवडा, व्हिनेगर आणि पाणी निम्मं-निम्मं करून अर्धा तास ठेवा, त्याहून जास्त नको, कारण मग बीडच खाल्लं जातं. नंतर पुन्हा तेलाचे तीन हात.

झाकण कधीही घट्ट लावून ठेवू नका. काठावर घडी केलेला वर्तमानपत्राचा कागद ठेवून झाकण थोडं उघडं राहू द्या आणि आत दुसरा कागद चुरगळून टाका, महिन्याला बदला. भांडं ओट्याखाली नको, तिथे नळाची ओल असते. आणि ज्याने 'माझ्याकडे' म्हटलंय त्याने श्रावणात एकदा तरी उघडून बघावं.